निविदापेटीच्या आधीचं दार

जोहान्सबर्ग

निविदा अकराला बंद होणार होती. पावणेअकराला माझा एक ओळखीचा कंत्राटदार नगरपालिकेच्या आवारात गाडीच्या बॉनेटवर कागद पसरून पान न् पान पुन्हा तपासत होता. कराचा दाखला, बांधकाम मंडळाकडची श्रेणी, हितसंबंधांचं प्रतिज्ञापत्र. पहिल्या श्रेणीपासून नववीपर्यंतच्या शिडीवर तो तिसऱ्या पायरीवर आहे. मी दराचं विचारलं तर म्हणाला, "दर नंतर बघतात. आधी कागद. एक सही राहिली की पाकीट बाजूला."

ही धास्ती खोटी नाही. लिम्पोपो प्रांतात रुग्णालयांचा कचरा उचलण्याच्या निविदेत एका कंपनीच्या प्रतिज्ञापत्रावर सही राहून गेली आणि तेवढ्यावरून ती बाद झाली. प्रकरण ब्लूमफाँटेनच्या अपील न्यायालयात गेलं. अनवधानाने राहिलेल्या सहीसाठी निविदाच फेकून देणं अन्यायाचं आहे, असं तिथे ठरलं. लोकांच्या पैशांतून काम द्यायचं तर लोकांना चांगला प्रस्ताव मिळायला हवा. तो एका सहीपायी दाराबाहेर राहिला, तर नुकसान कोणाचं?

आपल्या वाचकांना मुंबई विमानतळावरच्या उपाहारगृहाचा खटला आठवत असेल. निविदेत नोंदणीकृत हॉटेलचालक आणि पाच वर्षांचा अनुभव मागितला होता. काम मात्र अट न पाळणाऱ्याला गेलं. सरकारने घातलेली अट सरकारलाही बांधते, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७९ साली त्या रमणा दयाराम शेट्टी खटल्यात सांगितलं. पण मुळात अट कोणती असावी, यात आपली न्यायालयं सहसा शिरत नाहीत. इथे दक्षिण आफ्रिकेत तोच प्रश्न थेट राज्यघटनेपर्यंत जातो. कलम २१७ म्हणतं, सरकारी खरेदी न्याय्य, समन्यायी, पारदर्शक, स्पर्धात्मक आणि किफायतशीर हवी. वर्णभेदाने ज्यांना बाजूला ठेवलं त्यांना प्राधान्य देण्याची मुभाही तेच कलम देतं, पण त्याची चौकट कायद्याने आखायला हवी. २००० सालच्या कायद्याने ती गुणांत आखली. जानेवारी २०२३ मध्ये लागू झालेल्या नियमांप्रमाणे पाच कोटी रँडपर्यंतच्या कामात ८० गुण दराला आणि २० प्राधान्याला, त्यावर ९० आणि १०.

त्याआधी २०१७ मध्ये अर्थमंत्र्यांनी वेगळे नियम आणले होते. त्यांतल्या एका नियमाने खात्यांना दर बघण्याआधीच गाळणी लावता येऊ लागली. कृष्णवर्णीय सक्षमीकरणाच्या अमुक पातळीच्या कंपन्यांनीच यावं, किंवा ३० टक्के काम ठरावीक गटांतल्या पोटकंत्राटदारांना देणाऱ्यांनीच. बाकीच्यांचे गुण मोजायचेच नाहीत. अॅफ्रिबिझनेस नावाची संघटना न्यायालयात गेली. अपील न्यायालयाने नोव्हेंबर २०२० मध्ये नियम अवैध ठरवले आणि फेब्रुवारी २०२२ मध्ये घटना न्यायालयाने तो निकाल कायम ठेवला.

हे न्यायालय ओल्ड फोर्टच्या जुन्या तुरुंगाच्या जागेवर आहे. गांधीजी आणि मंडेला दोघांनाही इथे कोंडलं होतं, आणि पाडलेल्या कोठड्यांच्या विटा न्यायालयाच्या भिंतींत बसवल्या आहेत. प्राधान्य द्यावं की नाही, हा वाद या खटल्यात नव्हताच. प्रश्न अधिकाराचा होता. प्राधान्याचं धोरण प्रत्येक सरकारी संस्थेने स्वतः ठरवावं, असं कायदा सांगतो, मग मंत्री ते नियमांनी कसं ठरवणार? न्यायमूर्ती मॅडलांगा यांचं बहुमताचं निकालपत्र याच मुद्द्यावर उभं आहे. काही न्यायमूर्तींचं मत उलट होतं. मंत्र्यांना तो अधिकार आहे, असं त्यांनी म्हटलं.

माझ्या कंत्राटदाराला हा निकाल जिव्हारी लागला. तो सोवेटोत वाढलेला. पहिली दोन कामं त्याला त्या गाळणीमुळेच मिळाली. "ज्यांच्याकडे वीस वर्षांचा अनुभव आहे, त्यांना तो कोणत्या काळात मिळाला?" या त्याच्या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हतं. अनुभवाची अटही दारच आहे, आणि तिच्यावर रंग लिहिलेला नसतो. तरीही मला न्यायालयाचं पटतं. एवढं मोठं दार लावायचं तर ते संसदेने उघड चर्चा करून लावावं, कारण मंत्र्याच्या सहीने मिळालेलं पुढच्या मंत्र्याच्या सहीने जातं.

झालंही तसंच. जानेवारी २०२३ पासूनच्या नियमांत ती गाळणी नाही. मग संसदेने सार्वजनिक खरेदीचा नवा कायदा केला आणि राष्ट्राध्यक्ष रामाफोसा यांनी जुलै २०२४ मध्ये त्यावर सही केली. ठरावीक गटांसाठी कामं राखून ठेवण्याची तरतूद त्यात आता कायद्यानेच आली आहे.

अकराला चार मिनिटं असताना त्याने पाकिटाला चिकटपट्टी लावली, आत जाऊन ते पेटीच्या फटीत सारलं आणि आत पडल्याचा आवाज येईपर्यंत हात तिथेच ठेवला.