फाईलचं आडनाव वाचता का?

फॅमिली ग्रुपवर 'लग्नपत्रिका' नावाची फाईल येते. लग्नसराईचे दिवस, नंबरही ओळखीचा, त्यामुळे बोट आपोआप फाईलकडे जातं. पण थांबा. नाव शेवटपर्यंत वाचलंत का?

बहुतेक फाईलींच्या नावाच्या शेवटी टिंब आणि त्यापुढे तीन-चार अक्षरं असतात. हे फाईलचं आडनाव समजा. जेपीजी म्हणजे फोटो, पीडीएफ म्हणजे कागदपत्र आणि एपीके म्हणजे अँड्रॉइड फोनमध्ये बसणारं अ‍ॅप. लग्नपत्रिका फोटो, पीडीएफ किंवा व्हिडिओ असू शकते, पण तिच्यासाठी अ‍ॅप कशाला लागेल? असं अ‍ॅप इन्स्टॉल केल्यावर मेसेज वाचायची परवानगी मागतं. ती दिली, की बँकेचा ओटीपी थेट चोराच्या हाती! शंका आली तर ज्यांच्या घरचं लग्न आहे, त्यांना फोन करून विचारा.

ही युक्ती जुनीच आहे. मे २००० मध्ये 'आय लव्ह यू' हा व्हायरस ईमेलमधून जगभर पसरला. सोबतच्या 'प्रेमपत्रा'च्या नावात 'टीएक्सटी' दिसायचं, पण त्यापुढचं खरं आडनाव, 'व्हीबीएस', विंडोज लपवत असे. आजही ते बहुधा लपलेलंच असतं. विंडोज ११ मध्ये फाईल एक्सप्लोरर उघडून 'व्ह्यू', मग 'शो' आणि 'फाईल नेम एक्स्टेन्शन्स' निवडा.

आपल्या फाईलींना नीट नावं द्या

'स्कॅन १', 'नवीन फायनल' अशा नावांच्या गर्दीत परकी फाईल लक्षात येत नाही. आधी वर्ष, मग महिना, दिवस, व्यक्ती आणि विषय लिहा. उदाहरणार्थ, '२०२५-०३-१४_आई_रक्ततपासणी'. अशा फाईली तारखेनुसार आपोआप ओळीने लागतात. तारखेत तिरकी रेघ नको, विंडोज ती स्वीकारत नाही. आधार किंवा खाते क्रमांक नावात लिहू नका.

चुकून इन्स्टॉल झालंच तर

फोनचं इंटरनेट लगेच बंद करा. दुसऱ्या फोनवरून बँकेला कळवून खातं गोठवा. पैसे गेले असतील तर १९३० या राष्ट्रीय सायबर हेल्पलाइनवर तातडीने तक्रार करा. लाजून वेळ घालवू नका, कारण तेवढ्यात पैसे पुढच्या खात्यात जातात.

आज घरातल्या मोठ्यांसोबत पाच मिनिटं बसा आणि त्यांच्याच फोनवर फाईलचं आडनाव कुठे दिसतं ते दाखवा. आयुष्यभराची पुंजी त्याच फोनला जोडलेली असते.