भिंतीवरची नक्षी

‘डिसिजन टू लीव्ह’ (२०२२) या कोरियन चित्रपटात नायिकेच्या घरी निळसर-हिरवा वॉलपेपर आहे. त्यावर एकदा डोंगरांच्या रांगा दिसतात, पुन्हा पाहिलं की लाटा. तिचा नवरा डोंगरावरून पडून मेलेला, आणि गोष्ट हळूहळू सरकते ती समुद्राकडे. (पुढचं सांगत नाही, अनेकांनी पाहिला नसेल.) बाई खरं बोलते की खोटं, हे तपास करणाऱ्या पोलिसाला उमगत नाही. भिंत मात्र पहिल्यापासून दोन्ही बाजूंनी बोलत असते.

ही भिंत रियू साँग-ही यांची. कोरियात त्यांच्या हुद्द्याला ‘मिसुल गामदोक’ म्हणतात, म्हणजे जवळजवळ शब्दशः आपला कला दिग्दर्शक. हॉलिवूडच्या भाषेत प्रॉडक्शन डिझायनर. पात्रं कुठे राहतात, खिडकी कुठल्या बाजूला, म्हणजे उजेड कुठून येणार, खुर्चीचा कुठला हात झिजलाय, हे सगळं कॅमेरा लागायच्या आधी ठरवायचं. त्यातलं झिजवणंच सगळ्यांत अवघड. नवंकोरं सामान कुणीही मांडेल.

रियू मुळात मातीतलं माणूस. सोलच्या होंगिक विद्यापीठात त्या सिरॅमिक्स शिकल्या, मग लॉस एंजेलिसच्या अमेरिकन फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये प्रॉडक्शन डिझाइन. परतल्या तेव्हा कोरियन सिनेमा नव्या दमाच्या दिग्दर्शकांच्या हातात जात होता. २००३ हे एकच वर्ष पाहा. बाँग जून-हो यांचा ‘मेमरीज ऑफ मर्डर’ आणि पार्क चान-वूक यांचा ‘ओल्डबॉय’ त्याच वर्षी आले, आणि दोन्हींच्या कला दिग्दर्शक रियूच.

‘ओल्डबॉय’चा नायक १५ वर्षं एका खोलीत कोंडलेला. खोली तुरुंगासारखी नाही, स्वस्तातल्या हॉटेलसारखी आहे. अंगावर येणारी नक्षी आणि भिंतीवर जेम्स एन्सॉरच्या चित्रातला विद्रूप चेहरा. तिथे शोभा आहे, आणि तीच छळते. ‘मेमरीज ऑफ मर्डर’मध्ये मात्र कलाकाम दिसतच नाही. १९८६ सालचं गाव, भाताची शेतं, बॉयलरशेजारच्या तळघरातली चौकशी. एका प्रसंगात पोलीस एका संशयिताला नायकीचे म्हणून बूट देतो. बुटावर नाव ‘नाइस’! लष्करी राजवटीतल्या त्या दशकाची परवड एवढ्या एका नकली बुटात मावते. पुरस्कार देणाऱ्यांची नजर सहसा नक्षीकडे जाते. मला विचाराल तर रियूंचं सर्वांत मोठं काम हा चिखलच.

नक्षीचा मान त्यांना २०१६ साली मिळाला. ‘द हँडमेडन’साठी कान महोत्सवात तंत्रज्ञ-कलावंतांना दिला जाणारा व्हल्कन पुरस्कार त्यांनी घेतला, तो मिळवणाऱ्या त्या पहिल्या कोरियन. सारा वॉटर्स यांची व्हिक्टोरियन इंग्लंडमधली कादंबरी पार्कनी या चित्रपटात १९३०च्या दशकातल्या, जपानी अमलाखालच्या कोरियात आणली. घराचा मालक कोरियन, पण जपानी व्हायला आसुसलेला आणि इंग्रजांवर भाळलेला. म्हणून त्याचा वाडा अर्धा जपानी, अर्धा इंग्रजी. बाहेरून दिसतं ते जपानमधल्या कुवाना गावचं रोक्काएन, आणि ती वास्तूच मुळी इंग्रज वास्तुविशारदाच्या पाश्चात्त्य बंगल्याला जोडलेलं जपानी घर आहे. सेटसाठी याहून चपखल जागा शोधून सापडली नसती. आत मालकीणबाईंची फुलाफुलांची विलायती खोली, आणि मोलकरीण झोपते ती शेजारच्या जपानी कपाटवजा कोनाड्यात. दोघींतलं अंतर एका सरकत्या दाराएवढं! ग्रंथालयातल्या तातामी चटया उचलल्या की खाली पाणी आणि खडे, म्हणजे घरातच बाग. मालकाला निसर्गसुद्धा आपल्या छपराखाली हवा. पुढे त्याची पुस्तकं त्याच पाण्यात भिजतात.

पुढे जगाला कोरियन सेटची ओळख झाली ती ‘पॅरासाइट’ चित्रपटातल्या घरामुळे. ते मात्र ली हा-जून यांचं काम; जनजूमध्ये उभारलेला तो सेट अनेकांना खराच बंगला वाटला.

रियूंनी २०२५ मध्ये पार्कसाठी पुन्हा एक घर रचलं, ‘नो अदर चॉइस’मध्ये. कागदाच्या कंपनीतून काढलेला एक माणूस नोकरी आणि घर वाचवण्यासाठी प्रतिस्पर्ध्यांच्या जिवावर उठतो. झाडं, काचेचं हरितगृह, आयुष्याची कमाई. त्या घराचा मोह बघणाऱ्यालाही पडला नाही, तर त्याचं वेड पटणारच नाही. मला तो पहिल्या दहा मिनिटांतच पडला होता.