पंचमाचा रंग काळा

षड्ज कमळाच्या रंगाचा, ऋषभ तांबूस पिवळा, गांधार सोन्याचा, मध्यम कुंदफुलासारखा पांढरा, पंचम काळा, धैवत पिवळा आणि निषाद सगळ्या रंगांचा मिळून. ही यादी शार्ङ्गदेवाच्या ‘संगीतरत्नाकरा’त आहे. हा ग्रंथ तेराव्या शतकात आपल्या देवगिरीला, यादव राजा सिंघणाच्या आश्रयानं लिहिला गेला. शार्ङ्गदेव दरबारात हिशेबाचं खातं सांभाळत असे. यादी त्याच्याही आधीची, ‘नारदीय शिक्षे’पासून चालत आलेली. रंगाबरोबर प्रत्येक स्वराला देवता मिळाली, ऋषी मिळाला, छंद मिळाला, द्वीप मिळालं आणि जातसुद्धा मिळाली. पंचम काळाच का, याचं कारण मात्र कुठं येत नाही. कुणाला तरी तो तसा दिसला आणि पुढच्यांनी पाठ केला.

लखनौच्या भातखंडे विद्यापीठाची शंभरी म्हणून संपादकांनी लेख मागितला, तेव्हा माझ्या मनात पहिल्यांदा ही यादी आली. कारण ज्या माणसाच्या नावानं ते विद्यापीठ चालतं, त्यानं गाणं कागदावर उतरवताना यातला एकही रंग घेतला नाही.

इतिहास थोडक्यात असा. विष्णु नारायण भातखंडे १८६० साली मुंबईत वाळकेश्वरला जन्मले. शिक्षणानं वकील. बडोदा, दिल्ली, बनारस आणि मग लखनौ अशा संगीत परिषदा झाल्या. त्यांतून, राय उमानाथ बली आणि शिक्षणमंत्री राय राजेश्वर बली यांच्या पाठबळानं, १९२६ साली लखनौला कॉलेज उभं राहिलं. गव्हर्नर मॅरिस यांच्यावरून नाव पडलं मॅरिस कॉलेज. १९६६ मध्ये सरकारनं ते ताब्यात घेऊन भातखंड्यांचं नाव दिलं. वास्तू कैसरबागेतली, वाजिद अली शाहचा परीखाना. याच कैसरबागेत नवाब जोगिया जत्रा भरवी आणि येणाऱ्यांनी गेरूच्या रंगाचे कपडे घालून यायचं असे.

आता ‘क्रमिक पुस्तक मालिके’चं एक पान उघडू. सहा भाग, मूळ मराठी. लखनौची पोरं हिंदी आवृत्ती वापरतात. वर स्वरांची ओळ, खाली बंदिशीचे शब्द, अक्षराखाली अक्षर. कोमल स्वराच्या पायाशी आडवी रेघ. तीव्र मध्यमाच्या डोक्यावर उभी रेघ. मंद्राला खाली टिंब, ताराला वर टिंब. एका मात्रेत दोन-तीन स्वर आले की खाली चंद्रकोर. मींड असेल तर वर कमान. अक्षर लांबलं की अवग्रह. समेला फुली, खालीला शून्य. छापखान्यातल्या साध्या खिळ्यांनी जमावं इतकं हे सुटसुटीत आहे, आणि त्याचं मला मनापासून कौतुक वाटतं. घराण्यांच्या कोठारात कुलुपबंद असलेल्या शेकडो चिजा या मूठभर खुणांनी कुणाही विद्यार्थ्याच्या हाती आणून ठेवल्या.

पण भैरवचा कोमल रिषभ घ्या आणि जोगियाचा घ्या. दोन्ही रागांचा थाट एक, वेळ सकाळची, आणि कागदावर दोन्हीकडे ‘रे’ खाली तीच रेघ. गळ्यात मात्र भैरवचा रिषभ आंदोलत राहतो, जड, गंभीर, उजाडण्याआधीच्या आकाशाचा. जोगियात तोच रिषभ न डोलता षड्जाकडे उतरतो आणि त्याला विरक्तीची छटा येते. मारव्यात तो आणखी वेगळा. षड्जाला टाळत तिथंच घुटमळतो, दिवस बुडताना. शास्त्रानं काळा ठरवलेला पंचम या सांजवेळच्या रागात वर्ज्यच आहे, तरी अंधार दाटून येतोच. रंग आहेत, यात मला शंका नाही. मात्र ते एकेका सुट्या स्वराला कायमचे चिकटलेले नाहीत. शेजारचा स्वर, ठेहराव, वेळ यांतून ते दर वेळी नव्यानं उमटतात. म्हणूनच भातखंड्यांनी ते छापले नाहीत, हे मला योग्य वाटतं. दक्षिणेच्या दौऱ्यात ते पंडितांना गाठून ‘रत्नाकर’ समजावून मागत राहिले. समाधान झालं नाही, तेव्हा त्यांनी प्रचारात जे गायलं जातं त्यालाच प्रमाण मानलं आणि राग-रागिणीचा संसार मोडून दहा थाट मांडले. त्यांचं ‘श्रीमल्लक्ष्यसंगीतम्’ १९१० च्या सुमाराचं. त्याच सुमारास रशियात संगीतकार स्क्रियाबिननं ‘प्रोमिथियस’ पुरं केलं आणि त्याच्या स्वरलिपीत रंगीत दिव्यांसाठी स्वतंत्र ओळ लिहिली. तिकडे रंग कागदावर आला, इकडे तो गुरूच्या तोंडी राहिला.

आणि खरी अडचण इथूनच सुरू होते. तोंडी राहिलेल्या गोष्टीला तोंड लागतं. १९३३ मध्ये भातखंडे अंथरुणाला खिळले आणि १९३६ मध्ये गेले. मालिकेचे शेवटचे भाग त्यांच्यामागे निघाले. कॉलेज पेललं श्रीकृष्ण नारायण रातंजनकरांनी. ते मुंबईचे, भातखंड्यांचे शिष्य, शिवाय बडोद्याला फैयाज खाँसाहेबांची तालीम घेतलेले. त्यांच्याकडे खुणाही होत्या आणि खुणांपलीकडचं गाणंही. बेळगाव भागातून आलेला लहानगा के. जी. गिंडे त्यांच्या घरीच राहिला. त्या घरात सकाळचा रिषभ सकाळीच कानावर पडे. वर्ग संपला तरी शिकवणं संपत नसे.

आज अशी घरं कुठून आणायची? वेळापत्रकातला तास दुपारी येतो आणि भैरव दुपारीच शिकवावा लागतो. एका शिक्षकासमोर वर्गभर मुलं असली की प्रत्येकाचा रिषभ हातात धरून हलवून दाखवता येत नाही. लेखी परीक्षेत थाट, वादी, संवादी यांना गुण मिळतात. आंदोलन किती आणि कुठं थांबवायचं, याला उत्तरपत्रिकेत जागा नाही. मोबाइलवर ध्वनिमुद्रणं भरपूर आहेत, पण ती मुलाचा सूर ऐकून ‘नाही, अजून खाली’ म्हणत नाहीत. भातखंड्यांनी अर्धं काम कागदावर सोपवलं ते उरलेलं अर्धं गुरू करील या भरवशावर. शंभरीच्या निमित्तानं इमारतीला रंग देण्याआधी पहाटेचे वर्ग सुरू व्हावेत, छोटे, पाच-सहा मुलांचे, आणि त्यासाठी पूर्ण पगारावर पुरेसे शिक्षक नेमावेत.