घडणावळ आणि मोड : राजाचा कारागीर तोमा जेर्मँ

जुना दागिना मोडीत घातला की सराफ तो वजनावर घेतो, घडणावळ बुडते. हे आपल्या घराघरांत माहीत आहे. आज आपण ज्या माणसाविषयी बोलणार आहोत, तो फ्रान्सच्या राजाचा चांदीचा कारागीर होता. पण या व्यवहारातून त्याचीही सुटका नव्हती.

तोमा जेर्मँचा जन्म १६७३ चा, पॅरिसचा. वडील पिएर हेही राजदरबारचे कारागीर. तरुणपणीची बरीच वर्षं तोमा रोममध्ये शिकला. १७२० मध्ये तो पॅरिसच्या कारागीर-संघात उस्ताद म्हणून दाखल झाला, आणि १७२३ मध्ये पंधराव्या लुईनं त्याला राजकारागीर नेमून लूव्हर राजवाड्यात बिऱ्हाड दिलं. ही नुसती मानाची जागा नव्हे, बरं का. लूव्हरमधल्या कारागिराला शहरातल्या संघाचे जाचक नियम फारसे लागू होत नसत.

त्याच्या सुपाच्या भांड्यांवर रानडुकराची मुंडकी, भाज्या, मासे असे ओतून-कोरून बसवलेले असत की पाहणाऱ्याला ते जिवंत वाटावेत. व्होल्तेअरनं ‘ल मोंदँ’ या १७३६ च्या कवितेत ऐषारामाचं वर्णन करताना त्याचं नाव घेतलं आहे.

आता अडचण पाहा. त्या काळी चांदीचं भांडं म्हणजे शोभा, आणि अडीअडचणीची शिल्लकही. १६८९ मध्ये युद्धाला पैसा हवा म्हणून चौदाव्या लुईनं व्हर्सायमधलं चांदीचं फर्निचर टांकसाळीत पाठवलं : सुमारे २० टन! तेव्हा आपला तोमा सोळा वर्षांचा होता. १७०९ मध्ये पुन्हा तेच. १७५९ मध्ये पंधराव्या लुईनंही तेच केलं. पुढे क्रांतीतही पुष्कळ चांदी वितळली.

छांदोग्य उपनिषदात उद्दालक श्वेतकेतूला सांगतो, की घडवलेली वस्तू हे नाव; खरं ते मूळ द्रव्य. आम्ही वर्गात हा दाखला वर्षानुवर्षं शिकवला. पण गंमत अशी, की राजाचा खजिनदारही याच सिद्धान्तावर चालतो! फरक इतकाच, की उद्दालकाला त्या द्रव्यातून सत् दाखवायचं होतं, खजिनदाराला सैन्याचा पगार द्यायचा होता. कारागिराच्या बाजूनं पाहिलं तर त्याचं सगळं आयुष्य त्या ‘नावा’त गेलेलं असतं.

मग जेर्मँचं काम उरलं कुठे? पोर्तुगालच्या राजानं त्याच्याकडून पुष्कळ चांदी घडवून घेतली होती. तोमा १७४८ मध्ये वारला, आणि १ नोव्हेंबर १७५५ च्या भूकंपात लिस्बनचा राजवाडा त्या चांदीसह गेला. तेव्हा नवा राजा जोझे यानं तोमाचा मुलगा फ्रान्स्वा-तोमा याला नव्या संचाचं काम दिलं. वडिलांचं पद आणि लूव्हरमधली जागा त्याच्याकडे आली होतीच. कामं मोठी, पण तो कर्जात बुडाला. १७६५ मध्ये दिवाळं निघालं, पद आणि जागा दोन्ही गेली.

मात्र त्याची लिस्बनची चांदी टिकली. फ्रान्समध्ये जे मोडीत निघालं, त्याचे भाऊबंद आज लिस्बनच्या संग्रहालयात पाहायला मिळतात. लार्जिलिएरनं १७३६ मध्ये रंगवलेलं तोमा आणि त्याच्या पत्नीचं चित्रही त्याच शहरात, गुलबेंकियन संग्रहालयात आहे.

तोमानं १७३३ मध्ये घडवलेलं एक सुपाचं भांडं १९९६ मध्ये न्यूयॉर्कच्या लिलावात १ कोटी डॉलरहून अधिक किमतीला गेलं. त्यात चांदी कितीशी? बाकी सगळी घडणावळ. पण ही किंमत येते तरी कशी? त्याची भावंडं वितळली म्हणून. म्हणजे घडणावळीला मोल आलं तेही मोडीनंच दिलं. वस्तू म्हणजे द्रव्य की आकार, असं कुणी विचारलं, तर आधी त्याला विचारावं : कुणासाठी, आणि कोणत्या दिवशी?