न वाजलेला खर्ज

साताऱ्याच्या एका विद्यार्थ्याने विचारलंय, ‘‘प्रॉडिजीचं ‘फायरस्टार्टर’ मोबाइलच्या स्पीकरवर लावलं तरी त्याचा बेस भरीव लागतो. हल्लीची काही गाणी मात्र हेडफोनवर दणदणीत असतात आणि मोबाइलवर लावली की बेस गायब. असं का?’’ पत्राच्या शेवटी ताजा कलम आहे : ‘बाबा म्हणतात हे संगीतच नाही. त्याबद्दल काही लिहू नका.’

बाबांच्या वाटेला जात नाही. प्रश्न मात्र झकास आहे, आणि त्याच्या पोटात पावणेदोनशे वर्षांपूर्वीचं एक भांडण दडलंय.

‘फायरस्टार्टर’ हे प्रॉडिजी या बँडचं 1996चं गाणं. ज्या अल्बममध्ये ते आलं तो ‘द फॅट ऑफ द लँड’ 1997च्या जूनअखेरीस निघाला आणि इंग्लंड-अमेरिका दोन्हीकडे पहिल्या क्रमांकावर गेला. मंचावर शिंगांसारखे केस उभारून किंचाळणारा कीथ फ्लिंट सगळ्यांच्या लक्षात राहिला, पण आवाजाची भट्टी लावणारा माणूस एसेक्समधला लियम हॉलेट. त्याचं सुरुवातीपासूनचं हत्यार म्हणजे रोलँड डब्ल्यू-30 हा सँपलर. दुसऱ्यांच्या तबकड्यांतले तुकडे उचलायचे, कापायचे आणि की-बोर्डवर वाजवायचे. ‘फायरस्टार्टर’मधली ती करकरणारी गिटार ब्रीडर्स या अमेरिकन बँडच्या गाण्यातून उचललेली आहे. सीडीवर आवाजाची उंची मोजायला 65,536 पायऱ्या असतात, या यंत्राला जेमतेम 4,096. एवढ्या ओबडधोबड जिन्यावरून उतरलेला आवाज खरवडून निघणारच. दुसऱ्या कुणी ती खरखर पुसली असती. हॉलेटने ती वाढवली, आणि ढोल-बेसला मुद्दाम इतका ताण दिला की तरंगाचे माथे छाटले जावेत.

माथे छाटले की काय होतं? 60 हर्ट्झचा शुद्ध सूर म्हणजे गोलसर टेकड्यांची रांग. टेकडीचा माथा कापून सपाट केला की कडेला कोपरे येतात. भिंतीचं मोठं वळण मोठ्या दगडांत निभावतं, कोपरा साधायला मात्र बारीक चिपा लागतात. तरंगाचंही तसंच. कोपरा बांधायला वरच्या कंप्रता लागतात, आणि त्या 60च्याच पटीत येतात. वरची-खालची बाजू सारखीच छाटली तर फक्त विषम पटी (180, 300, 420), कमी-जास्त छाटली तर समही. कानाला जे धारदार, टोचरं वाटतं ते हेच.

आता मोबाइलकडे या. नखाएवढ्या पडद्याला 60 हर्ट्झची हवा ढकलणं जमत नाही. तीनशेच्या आसपास कुठे तो तोंड उघडतो. म्हणजे ‘फायरस्टार्टर’मधला खालचा सूर बाहेर पडतच नाही, बाहेर पडतात त्या वरच्या पटी. तरी आपल्याला तो खालीच वाजल्यासारखा वाटतो.

इथे ऑगस्ट झेबेक येतो. उष्णतेपासून वीज मिळवणाऱ्या ‘झेबेक परिणामा’तला नव्हे, तो बाप. हा मुलगा. बापाचं नाव पाठ्यपुस्तकात, मुलाचं तळटीपेतसुद्धा नाही!

1841 साली हा झेबेक भोंग्याशी खेळत होता. तेव्हाचा भोंगा म्हणजे कडेला भोकं पाडलेली फिरती तबकडी. भोकांवर नळीने हवा फुंकायची, भोक समोर आलं की फुस्स, पुन्हा बंद, पुन्हा फुस्स. सेकंदाला किती ‘फुस्स’, तेवढी कंप्रता. झेबेकने एक खोडी केली. एकाआड एक भोक जरासं सरकवलं. आता अंतरं आखूड-लांब, आखूड-लांब अशी झाली, आणि ठेका दोन भोकांनंतर पुन्हा येऊ लागला. म्हणजे नमुना निम्म्या वेगाने परतू लागला. गणिताने पाहिलं तर या निम्म्या कंप्रतेचा सूर अगदी क्षीण असायला हवा. झेबेकला तो ठसठशीत ऐकू आला, एक सप्तक खाली.

यावर ओहम चिडला. हो, तोच, विजेच्या नियमाचा. त्याचं म्हणणं, कान फुरियेचं गणित करतो, म्हणजे आवाजाची शुद्ध सुरांत फोड करतो, आणि आवाजात जो घटक खरोखर आहे तोच ऐकतो, बाकी सगळा भास. झेबेक 1849 मध्ये वारला. पुढे 1863 साली हेल्महोल्ट्झसारख्या दादा माणसाने ओहमची बाजू घेतली आणि झेबेक अडगळीत गेला. 1930च्या दशकाअखेर हॉलंडमध्ये फिलिप्सच्या प्रयोगशाळेत श्खौटेनने आवाजातून 200 हर्ट्झचा मूळ सूर पूर्ण काढून टाकला, तरी ऐकणाऱ्यांना सूर 200चाच लागला. मेंदू वरच्या पटींमधली समान अंतरं, तरंगाचा परतणारा नमुना ओळखतो आणि गैरहजर मालकाची हजेरी लावून टाकतो.

ओहम अगदीच चुकला होता का? तंबोरा जुळवणाऱ्याला विचारा. घोडीवर तारेखाली सूत सरकवत जवारी बरोबर सापडली की खर्जाच्या तारेतून कुणीही न लावलेला गंधार वर तरंगू लागतो. तो खर्जाचा पाचवा पट, आणि कान तो वेगळा काढून ऐकतो. इथे ओहम जिंकतो. सी. व्ही. रामन यांनी 1921 साली तंबोऱ्यावर लिहिताना गंमत दाखवली होती : तार जिथे छेडल्यावर एखादा पट उमटायलाच नको, तिथे छेडली तरी जवारीमुळे तो उमटतो. रुंद घोडीला घासणारी तार आणि ताणाने माथा छाटला गेलेला विद्युत्‌-तरंग ही चुलत भावंडंच. (बाबांना हे वाक्य दाखवायला हरकत नाही.)

हॉलेटच्या ‘द फॅट ऑफ द लँड’कडे परत येऊ. त्याच्या पहिल्या गाण्यात (नाव इथे छापण्याजोगं नाही) शाहीन बदर या गायिकेची आलापी आहे, शीला चंद्रांच्या एका रचनेवर बेतलेली. सगळीकडे खरवडलेले ढोल आणि मधोमध हा स्वच्छ गळा. ढोलांची धार खरी कळते ती तिथे.

तर हल्लीच्या त्या गाण्यांचं काय? त्यांचा बेस अनेकदा जवळजवळ शुद्ध, गुळगुळीत असतो. वर पटीच नाहीत, मग मेंदू हजेरी कुणाची लावणार? छोट्या स्पीकरच्या जाहिरातीत ‘जबरदस्त बेस’ म्हणून जी जादू विकतात, तीही बऱ्याचदा एवढीच : वरच्या पटी मिसळायच्या, खालचा सूर ऐकणाऱ्याने भरून घ्यायचा. पैसे मात्र खालच्या सुराचे घ्यायचे!

फसतो तो कान, छाती नाही. ‘फायरस्टार्टर’ आधी मोबाइलवर ऐका, मग मोठ्या स्पीकरसमोर उभं राहून पोटावर तळहात ठेवून ऐका. सूर दोन्हीकडे तोच लागेल, तळहाताला मात्र दुसऱ्या वेळीच काहीतरी जाणवेल.