मिरजेचे गजपति उपाध्याय व मूडबिद्रीचीं सिद्धान्तपत्रें

धवल, जयधवल व महाधवल हीं नांवें दक्षिण महाराष्ट्रांतील जैन घराण्यांत पिढ्यान्‌पिढ्या आदरानें उच्चारलीं जात. परंतु त्या ग्रंथांत काय आहे हें सांगूं शकणारा मनुष्य एकोणिसाव्या शतकांत विरळाच. कर्णाटकांत मूडबिद्री येथील सिद्धान्तबसदींत जुन्या कन्नड लिपींतील त्यांचीं ताडपत्रें बासनांत बांधून ठेविलेलीं होतीं. यात्रेकरूनें दर्शन घ्यावें, नमस्कार करावा व परतावें, एवढाच त्यांचा उपयोग उरला होता. गृहस्थानें सिद्धान्त वाचूं नये असा निर्बंधहि परंपरेनें मानला जाई. ह्या बंद पोथ्या बाहेर आल्या त्या हकीकतीचा मुख्य धागा मिरजेचा आहे. आणि मिरज हें कबनूर-इचलकरंजी भागाच्या शेजारचें गांव असल्यामुळें ती येथें थोडी विस्तारानें देतों.

प्रथम ग्रंथांविषयीं. गिरनारच्या चंद्रगुफेंत राहणाऱ्या धरसेनाचार्यांनीं, आपल्याबरोबर श्रुतज्ञान लुप्त होईल ह्या भीतीनें, पुष्पदन्त व भूतबलि ह्या दोघां मुनींस तें शिकविलें व त्यांनीं षट्खण्डागम सूत्रबद्ध केला, अशी परंपरा आहे. त्यावरील वीरसेनांची टीका ती ‘धवला’. तिच्या समाप्तीचा काल डॉ. हीरालाल जैन ह्यांनीं शके ७३८ (इ. स. ८१६) मानला आहे. गुणधरांच्या कषायप्राभृतावरील ‘जयधवला’ वीरसेनांनीं आरंभिली व त्यांचे शिष्य जिनसेन ह्यांनीं शके ७५९ मध्यें, राष्ट्रकूट अमोघवर्षाच्या कारकीर्दींत, पुरी केली. महाधवल म्हणून ज्याची प्रसिद्धि, तो वस्तुतः षट्खण्डागमाचाच सहावा खंड ‘महाबंध’ होय. विषय जीव, कर्म व गुणस्थानें ह्यांचा. टीकांची भाषा प्राकृत व संस्कृत मिश्र.

इ. स. १८८३ मध्यें मुंबईचे शेठ माणिकचंद मूडबिद्रीस यात्रेकरितां गेले, तेव्हां ताडपत्रांची जीर्णावस्था त्यांच्या मनांत सलली. सोलापूरचे शेठ हिराचंद नेमचंद ह्यांनीं तो प्रश्न उचलून धरिला. पुष्कळ खटपटीनंतर, १८९६ च्या सुमारास, श्रवणबेळगोळचे ब्रह्मसूरि शास्त्री व मिरजेचे गजपति उपाध्याय ह्यांजकडून नकलेचें काम सुरू झालें. ब्रह्मसूरि शास्त्री मध्येंच वारले व पुढील भार एकट्या गजपतींवर पडला. नव्या प्रती मूडबिद्रीबाहेर जातां कामा नयेत, अशी तेथील मंडळींची अट होती.

येथेंच खरी गोष्ट घडली. गजपतींनीं नकल करीत असतांच, पत्नी लक्ष्मीबाई ह्यांच्या साहाय्यानें, कन्नड लिपींत आणखी एक प्रत गुप्तपणें तयार केली. ती घेऊन ते प्रथम सोलापुरास गेले. परंतु हिराचंदांनीं ती घेण्याचें साफ नाकारिलें, व माणिकचंदांकडूनहि तसेंच उत्तर आलें. नकलेसाठीं ज्यांनीं वर्षानुवर्षे जिवाचें रान केलें, त्यांनींच हातीं आलेली प्रत नाकारावी, ह्यांत त्यांची सचोटी दिसते. पण सर्वांनींच तशी सचोटी पाळली असती तर ग्रंथ आणखी किती काळ बासनांत राहिला असता, हा विचार टाळतां येत नाहीं. अखेर सहारनपूरचे लाला जंबूप्रसाद ह्यांनीं ती प्रत विकत घेतली.

तेथें ती कन्नडांतून नागरींत उतरविण्याचें काम पुढें विजयचंद्रय्या व पं. सीताराम शास्त्री ह्यांजकडे आलें: एकानें वाचावें व दुसऱ्यानें लिहावें. आणि गजपतींचाच कित्ता सीताराम शास्त्र्यांनीं गिरविला! त्यांनींहि स्वतःसाठीं एक प्रत करून ठेविली. आरा, कारंजा, सागर इत्यादि ठिकाणीं ज्या प्रती पसरल्या त्या हिच्याच संतति होत.

पोथी-संशोधकांनीं ही वंशावळ ध्यानांत ठेविली पाहिजे. ताडपत्र, गजपतींची कन्नड प्रत, ऐकून लिहिलेली नागरी प्रत, तिची नकल व त्या नकलेवरून मुद्रण, इतक्या पायऱ्या मध्यें आहेत. प्राकृतांतील द्वित्व दाखविणारा बिंदु व अनुस्वार ह्यांची कन्नड लिपींत सहज गल्लत होते. वाचणारा एक व लिहिणारा दुसरा असला म्हणजे कानाच्या चुका निराळ्याच. इ. स. १९३९ मध्यें अमरावतीहून डॉ. हीरालाल जैन ह्यांनीं षट्खण्डागमाचा पहिला भाग प्रसिद्ध केला, तो अशाच प्रतींच्या आधारें. त्या कामीं कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजांतील डॉ. आ. ने. उपाध्ये ह्यांचें साहाय्य होतें.

ह्या भागांतील ९३ व्या सूत्रांत, मनुष्यस्त्रियांच्या गुणस्थानांसंबंधानें, ‘संजद’ हें पद उपलब्ध प्रतींत नव्हतें. टीकेचा रोख पाहून तें येथें असलें पाहिजे असें संपादकांनीं टीपेंत सुचविलें. त्यावर मोठा वाद माजला. कारण हें पद धरिलें तर स्त्रीस पूर्ण संयमाचें स्थान प्राप्त होतें किंवा नाहीं, हा दिगंबर-श्वेतांबरांमधील जुना प्रश्न सूत्रालाच येऊन भिडतो. दिगंबर पंडितांनीं त्याची संगति भावस्त्री व द्रव्यस्त्री हा भेद करून लाविली आहे. पुढें मूडबिद्रीच्या ताडपत्राशीं ताडून पाहतां तेथें ‘संजद’ पद आढळलें. अर्थ कोणीं कसाहि लावो, पाठापुरता निकाल मूळ पत्रानेंच दिला. संपादकांचा तर्क खरा ठरला, तथापि पत्र पाहिल्यावांचून त्यांनीं तो सूत्रांत घुसडला नाहीं, हें त्यांच्या पद्धतीचें मर्म मला वाटतें.

जयधवलेचा पहिला भाग १९४४ मध्यें मथुरेहून व महाबंधाचा १९४७ मध्यें काशीच्या भारतीय ज्ञानपीठाकडून निघाला. भोज गांवच्या परिसरांतील आचार्य शांतिसागर ह्यांच्या प्रेरणेनें हे सिद्धान्त ताम्रपटांवर कोरविण्यांत आले. ते पट फलटण येथें आहेत. ताम्रपटास वाळवी लागत नाहीं. पण त्यावर उतरणारा पाठ ज्या प्रतीचा, तिचे दोष त्याबरोबर तितकेच टिकाऊ होतात. म्हणून मिरज, शिरोळ, हातकणंगले ह्या बाजूस उपाध्ये घराण्यांच्या दप्तरांत कन्नड लिपींतील सिद्धान्ताचीं सुटीं पानें कोणास आढळल्यास, तीं नागरींत उतरविण्यापूर्वीं पुष्पिका, पत्रांक व हस्ताक्षर ह्यांची नोंद जशीच्या तशी करावी, आणि पानांचा क्रम मुळींच बदलूं नये.