‘पानिपत’ कशाला म्हणायचे?

निवडणुकीचा निकाल लागला की मराठी मथळ्यांत ‘अमुक पक्षाचे पानिपत’ हमखास येते. पानिपतावर 1526, 1556 आणि 1761 अशा तीन मोठ्या लढाया झाल्या. मराठीतला हा शब्द मात्र तिसरीतून, 14 जानेवारी 1761 च्या संहारातून आला. म्हणून तो हरलेल्याच्याच नावाला जोडतात. जिंकणाऱ्याने ‘पानिपत केले’ असेही म्हणतात, पण रोख असतो तो गमावणाऱ्यावर. नुसता पराभव म्हणजे पानिपत नव्हे. सेनापती, फौज, दबदबा एकदमच गेला पाहिजे.

2024 च्या विधानसभा निवडणुकीत बुलढाणा जिल्ह्यातल्या 7 पैकी 6 जागा महायुतीने जिंकल्या; महाविकास आघाडीकडे फक्त मेहकर आले. जिल्ह्यापुरते हे पानिपत म्हणता येईल. पण खुद्द बुलढाणा मतदारसंघात निकाल फिरला अवघ्या 841 मतांनी. तिथे हा शब्द बसत नाही, ‘निसटता पराभव’च बरा.

‘डिपॉझिट जप्त’चे मात्र मोजमाप ठरलेले आहे: वैध मतांच्या एकषष्ठांशाहून अधिक मते मिळाली नाहीत की अनामत जाते, विजयी उमेदवाराचा अपवाद सोडून. ‘धुव्वा’ आणि ‘भुईसपाट’ यांना असे माप नाही, त्यामुळे ते सैलपणे वापरले जातात.

बुलढाणा जिल्ह्यातल्याच साखरखेर्ड्याला 1724 मध्ये निजामाने मोगल सुभेदार मुबारिजखानाला संपवले आणि गावाचे नाव फतेहखेर्डा ठेवले. त्या लढाईचा मात्र वाक्प्रचार झाला नाही.